लोकल गाडीचं वय नेमकं कुठे मोजायचं?

१ मे २००९ रोजी बर्लिनच्या कौल्सडॉर्फ स्थानकाजवळ एका उपनगरी गाडीचं चाक मोडलं आणि गाडी रुळावरून घसरली. चौकशीत चाकांच्या तपासण्या ठरल्या वेळी होत नसल्याचं बाहेर आलं. त्या उन्हाळ्यात निम्म्याहून अधिक गाड्या सेवेतून काढाव्या लागल्या, शहराच्या मधून जाणारा मुख्य मार्ग काही दिवस चक्क बंद होता. आता यातली मेख अशी, की या गाड्या जुनाट नव्हत्याच. त्या प्रकारची पहिली गाडी आली १९९० च्या दशकाच्या उत्तरार्धात. उपनगरी गाडीच्या हिशेबात हे ऐन उमेदीचं वय. उलट न्यू यॉर्कच्या शहरी रेल्वेत १९६४-६५ साली दाखल झालेल्या आर-३२ डब्यांतले शेवटचे डबे २०२२ पर्यंत प्रवासी वाहत होते.

म्हणजे ‘गाडी पस्तीस वर्षांची झाली’ या वाक्यातून फारसं काही कळत नाही. एकाच गाडीत चाकाचा आस, डब्याचा सांगाडा, मोटर, तारांची वेटोळी, दारं, संगणकीय पाट्या असतात आणि यातलं प्रत्येक आपापल्या गतीने म्हातारं होतं.

सगळ्यात जुनी गोष्ट आसाची, म्हणजे ॲक्सलची. ८ मे १८४२ रोजी व्हर्सायहून पॅरिसला येणाऱ्या गाडीच्या इंजिनाचा आस तुटला, डबे एकमेकांवर चढले, आग लागली आणि पन्नासहून अधिक माणसं गेली. तेव्हा लोकांची समजूत होती की सततच्या हादऱ्यांनी लोखंड आतून स्फटिकासारखं ठिसूळ होतं. विल्यम रँकिन या तरुण स्कॉटिश अभियंत्याने तुटलेले आस तपासून वेगळंच सांगितलं: धातू मुळात बदलत नाही, जाडी एकदम बदलते अशा कोपऱ्यापाशी बारीक तडा जातो आणि तो हळूहळू आत सरकत राहतो. तार वारंवार इकडे-तिकडे वाकवली की तुटते, तसाच हा धातूचा थकवा. फक्त इथे वाकणं डोळ्यांना दिसत नाही.

न दिसणारं हे वाकणं किती वेळा होतं, याचा हिशेब करून पाहण्यासारखा आहे. डब्याचा भार आसाच्या दोन्ही टोकांवर असतो आणि चाकं त्याच्या आतल्या बाजूला, त्यामुळे आस मधे किंचित वर उचलला जातो. वरचा पृष्ठभाग ताणला जातो, खालचा दाबला जातो. चाक अर्धा फेरा फिरलं की वरचं खाली येतं. म्हणजे प्रत्येक फेऱ्याला आसाचा प्रत्येक बिंदू एकदा ताणला आणि एकदा दाबला जातो. चाकाचा व्यास ९० सेंटिमीटर धरला तर किलोमीटरला साधारण ३५० फेरे. गाडी दिवसाला ४०० किलोमीटर आणि वर्षाला ३०० दिवस धावली तर वर्षाचे झाले सव्वाचार कोटींच्या आसपास. तीस वर्षांत सव्वाशे कोटी.

मग आस टिकतो कसा? याचं उत्तर आउगुस्ट व्होलर या जर्मन रेल्वे अभियंत्याने १८५० आणि १८६० च्या दशकांत शोधलं. आस फिरवत फिरवत वाकवणारी यंत्रं त्याने बनवली आणि वेगवेगळ्या भाराखाली पोलादाचे नमुने तुटेपर्यंत चालवले. भार कमी केला की फेऱ्यांची संख्या वाढत जाते हे अपेक्षितच होतं. महत्त्वाचं निघालं ते पुढचं: पोलादाच्या बाबतीत ताणाची एक पातळी अशी असते, की तिच्या खाली राहिलं तर नमुना तुटायचं नावच घेत नाही. आजचे आस या पातळीच्या बऱ्यापैकी खाली राहतील अशा बेताने जाड केलेले असतात.

पण हे झालं गुळगुळीत, कोरड्या, स्वच्छ पोलादाचं. रुळाखालची खडी उडून आसावर टवका गेला, रंग निघाला, पावसाचं पाणी साचून गंजाचा खड्डा पडला की तिथे ताण एकवटतो आणि ती सुरक्षित पातळी उरत नाही. सगळ्यात लबाड जागा म्हणजे चाक जिथे आसावर घट्ट दाबून बसवलेलं असतं ती. तिथली सूक्ष्म घासाघीस चाकाखालीच झाकलेली राहते. म्हणून कारशेडमध्ये आसाच्या टोकाला चिकट जेल लावून त्यावर ध्वनिलहरींचा प्रोब टेकवतात. लहरी आसातून धावत जातात आणि वाटेत तडा असला तर परत येतात. पडद्यावर जिथे सपाट रेघ हवी तिथे एक उंचवटा दिसतो. त्या उंचवट्याकडे पाहून, तो चाकाच्या कडेचा नेहमीचा प्रतिध्वनी की तड्याचा, हे ओळखणं हे कसबी माणसाचं काम. हे न जमता आस तुटलाच, तर तुटलेल्या तोंडावर सगळी हकिकत उमटलेली असते: एका बाजूला गुळगुळीत भाग, त्यात तडा टप्प्याटप्प्याने सरकल्याच्या कमानदार रेषा, आणि उरलेला भाग एकदम तुटल्यामुळे खडबडीत. गुळगुळीत भाग मोठा असेल तर समजावं, बरेच दिवस कोणी पाहिलं नव्हतं.

डब्याच्या सांगाड्याबद्दल थोडक्यात. साधं पोलाद दाराच्या उंबऱ्याखाली आणि फरशीच्या सांध्यांत, जिथे पाणी अडतं तिथे गंजतं. स्टेनलेस स्टील सहसा अशा रीतीने खंगत नाही, आणि आर-३२ डब्यांच्या दीर्घायुष्याचं बरंचसं श्रेय त्याला जातं.

विजेच्या भागांचं घड्याळ मात्र उष्णतेवर चालतं. लोकल दर दोन-तीन मिनिटांनी थांबते आणि पुन्हा वेग घेते, म्हणजे मोटर तापते, थोडी निवते, पुन्हा तापते. तारांवरच्या विद्युतरोधक आवरणासाठी अभियंत्यांचा एक ढोबळ ठोकताळा आहे: तापमान १० अंशांनी वाढलं की आयुष्य निम्मं. नियंत्रण पेटीतल्या कपॅसिटरचंही तसंच. खच्चून भरलेली गाडी मोटरकडून जास्त काम घेते, तेव्हा गर्दीच्या मार्गावरची गाडी कॅलेंडरपेक्षा लवकर म्हातारी होते. दारांचा तर प्रश्नच नको. स्वयंचलित दार दिवसातून दोन-तीनशे वेळा उघडमीट करतं, मधे कोणाची तरी बॅग अडकते, आणि गाडी खोळंबण्याच्या कारणांत ते कायम वरच्या क्रमांकावर असतं.

माझ्या मते गाडी निकालात निघते ती बहुतेक वेळा यांपैकी कशानेही नाही. धातू बदलता येतो, मोटर पुन्हा गुंडाळता येते. बाजारातून नाहीसा झालेला सुटा भाग कुठून आणायचा? १९९० च्या आसपासच्या अनेक गाड्यांत वीज नियंत्रित करायला जीटीओ नावाचे अर्धवाहक स्विच होते; नंतर आयजीबीटी हे नव्या प्रकारचे स्विच आले आणि कारखान्यांनी जुन्याकडे पाठ फिरवली. सॅन फ्रान्सिस्को परिसरातल्या ‘बार्ट’ रेल्वेची सेवा १९७२ साली सुरू झाली तेव्हा तिच्या गाड्या भविष्यातून आल्यासारख्या वाटत. पुढे त्याच गाड्यांसाठी तंत्रज्ञ ऑनलाइन लिलावात जुने भाग शोधत होते आणि विंडोज ९८ वर चालणारे लॅपटॉप जपून वापरत होते. मुंबईत तर बाहेरची वीजच बदलली. १,५०० व्होल्ट डीसीच्या जागी २५,००० व्होल्ट एसी आलं, २०१६ पर्यंत ते काम पुरं झालं, आणि फक्त डीसीवर चालणाऱ्या गाड्या, धडधाकट असल्या तरी, बिनकामाच्या ठरल्या.

गाडीची तब्येत जोखायला रेल्वेवाले वर्षं नाही, दोन बिघाडांमधलं सरासरी अंतर बघतात. न्यू यॉर्कमध्ये १९८० च्या दशकाच्या सुरुवातीला ते ७ हजार मैलांच्या आसपास घसरलं होतं. कारण देखभाल पुढे ढकलली जात होती. मग डबे आतून नव्याने बांधले गेले, आणि भाग बिघडण्याची वाट न पाहता मुदत भरली की तो बदलायचा, असा शिरस्ता पडला. पुढच्या काळात हे अंतर लाख मैलांच्या वर गेलं, आणि त्यात नव्या गाड्यांइतकाच दुरुस्त केलेल्या जुन्या गाड्यांचाही वाटा होता.

मग नवीन गाड्या घ्याव्यातच कशाला? एक कारण टकरीचं आहे. २२ जून २००९ रोजी वॉशिंग्टनमध्ये दोन मेट्रो गाड्या धडकल्या, नऊ जण दगावले. चूक सिग्नलच्या यंत्रणेची होती, पण धडकणाऱ्या गाडीचे १९७० च्या दशकातले डबे टकरीत टिकाव धरत नाहीत, ते बदला, असं चौकशी मंडळ आधीपासून सांगत होतं. अशी कमजोरी कितीही तेलपाणी केलं तरी जात नाही. मात्र त्याच शहरात १२ ऑक्टोबर २०२१ ला गाडी घसरली ती नव्या मालिकेतली. चाकं आसावर बाहेरच्या बाजूला सरकत होती. त्या मालिकेचे ७४८ डबे, म्हणजे ताफ्यातले ६० टक्के, एका फटक्यात बंद ठेवावे लागले.

ताफ्याचा खरा पेच इथे आहे. शहरं गाड्या शेकड्यांनी एकदम घेतात, म्हणून त्या म्हाताऱ्याही एकदमच होतात. मागणी नोंदवल्यापासून पहिली गाडी चाचण्या पार करून प्रवाशांसाठी धावेपर्यंत काही वर्षं जातात, आणि नव्या गाड्यांचे बिघाड सुरुवातीच्या काळात सर्वाधिक असतात. जुन्यांचा शेवट आणि नव्यांची सुरुवात, दोन्हींची वाईट वर्षं एकाच वेळापत्रकात येतात. तेवढ्या काळापुरत्या काही जुन्या गाड्या चालू स्थितीत ठेवायच्या, तर त्यांच्या देखभालीचा खर्च थांबवून चालत नाही, आणि नेमका तोच खर्च नवीन गाड्या येणार म्हटल्यावर सर्वांत आधी कापला जातो.