रोममधली 'अकादमी': पोम्पोनियोची कोणती, पोपची कोणती?

रोमच्या प्राचीन अवशेषांवर काही वाचायला घेतलं की 'आक्कादेमिया रोमाना' म्हणजे 'रोमन अकादमी' हे नाव हमखास भेटतं. मग तारखा जुळेनाशा होतात. पोपने १४६८ मध्ये जिच्या सभासदांना तुरुंगात टाकलं, तीच संस्था एकोणिसाव्या शतकात पोपच्या आश्रयाने निबंध कशी छापते? खरं तर या दोन वेगळ्या संस्था आहेत. पहिली पंधराव्या शतकातल्या पोम्पोनियो लेतोची, दुसरी आजही चालू असलेली 'पोंतिफीचा आक्कादेमिया रोमाना दि आर्केओलोजीआ'. घोळ वाढतो तो दुसरीने पहिलीला आपली पूर्वज मानल्यामुळे. नातं मनाने जोडलेलं आहे, वारसा मात्र अखंड नाही. मधे १५२७ ते १७४० अशी २१३ वर्षांची दरी आहे.

पोम्पोनियो लेतो (१४२८–१४९८) हा लॅटिनचा पंडित लोरेंत्सो वाल्ला याचा शिष्य आणि रोमच्या विद्यापीठातला लॅटिनचा प्राध्यापक. क्विरिनाल टेकडीवर त्याचं घर होतं आणि तिथे त्याने जुने कोरीव दगड जमवले होते. त्या घराभोवती जमलेलं मंडळ म्हणजे ही अकादमी. तिला ना घटना होती, ना सभासदांची नोंदवही. म्हणूनच स्थापनेचं साल कुठे १४५७ सापडतं, तर कुठे १४६४. दोन्हींपैकी एकही छातीठोकपणे सांगू नये. सभासद प्राचीन धाटणीची नावं घेत. फिलिप्पो बुओनाक्कोर्सी हा काल्लिमाखुस झाला, बार्तोलोमेओ साक्की हा प्लातिना. २१ एप्रिलला रोमचा वाढदिवस साजरा होई. रोमन परंपरेप्रमाणे इ.स.पू. ७५३ मध्ये याच दिवशी शहर वसलं.

त्यांचा अभ्यास पायी चालत होई. लेतोसोबत शहर फिरलेल्या एकाने टिपून घेतलेली माहिती आजही उपलब्ध आहे: इथे अमुक देऊळ होतं, तिथे तमुक कमान. अशा टिपणांचं मोल मोठं, कारण तेव्हा उभ्या असलेल्या कित्येक भिंती पुढे चुना भाजायला आणि नव्या बांधकामाला गेल्या. पण ती वापरताना सावध राहावं लागतं. चौथ्या शतकात रोमच्या १४ विभागांतल्या इमारतींच्या याद्या तयार झाल्या होत्या. लेतोच्या हाताखालून गेलेल्या प्रतीत त्यांत भर पडली, आणि ती वाढीव यादी पुढे 'पुब्लियुस व्हिक्टर' या कल्पित प्राचीन लेखकाच्या नावावर छापली गेली. मग नंतरच्या अभ्यासकांनी पंधराव्या शतकातला अंदाज चौथ्या शतकाचा पुरावा म्हणून वापरला. एखाद्या जुन्या ग्रंथात देवळाची जागा फक्त 'व्हिक्टर'च्या आधाराने ठरवली असेल, तर ते विधान तूर्त बाजूला ठेवावं.

फेब्रुवारी १४६८ मध्ये पोप दुसरा पॉल याने मंडळातल्या लोकांना पकडून सांत आंजेलोच्या किल्ल्यात डांबलं. आरोप होते कट, मूर्तिपूजक वृत्ती आणि अनाचार यांचे. प्लातिनाचा छळ झाला, काल्लिमाखुस निसटला आणि शेवटी पोलंडला पोचला, व्हेनिसमध्ये असलेल्या लेतोला तिथून रोमला आणलं गेलं. कट काही सिद्ध झाला नाही. पुढच्या पोपच्या, म्हणजे चौथ्या सिक्स्तुसच्या काळात वारं फिरलं: १४७५ मध्ये तोच प्लातिना व्हॅटिकनचा ग्रंथपाल झाला, तर १४७८ मध्ये मंडळ धार्मिक बंधुमंडळाच्या रूपात पुन्हा उभं राहिलं. शेवट १५२७ चा. त्या वर्षी सम्राट पाचव्या चार्ल्सच्या सैन्याने रोम लुटलं आणि विद्वानांची पांगापांग झाली.

दुसऱ्या संस्थेची अडचण उलटी: तिच्या तारखा हव्या त्याहून जास्त आहेत. १७४० मध्ये पोप चौदावा बेनेडिक्ट याने रोमन पुरावस्तूंच्या अभ्यासासाठी अकादमी काढली, ती पुढे मंदावली. १८१० मध्ये, रोम फ्रेंचांच्या ताब्यात असताना, तिला नव्याने उभं केलं गेलं. शिल्पकार आंतोनियो कानोव्हाचा त्यात मोठा वाटा होता. १८१६ मध्ये पोप सातव्या पायसचा आश्रय मिळाला, आणि 'पोंतिफीचा' म्हणजे 'पोपची' हे विशेषण लागलं १८२९ मध्ये, आठव्या पायसमुळे. चारही सालं बरोबरच आहेत, फक्त प्रत्येक साल वेगळ्या घटनेचं आहे. त्यामुळे '१८१२ सालची पोंतिफीचा अकादमी' असं कुणी लिहिलं, तर विशेषण सतरा वर्षं आधी चिकटवलेलं समजावं.

इथली रीत सभागृहातली. सभासद निबंध वाचतो, बाकीचे हरकती घेतात, मग छपाई. कार्लो फेआ, आंतोनियो निब्बी, जोव्हान्नी बात्तिस्ता दे रोस्सी ही त्या वर्तुळातली माणसं. फोरम म्हणजे प्राचीन रोमचा मुख्य चौक, त्याजवळच्या तीन प्रचंड कमानींना शतकानुशतकं 'शांतीचं देऊळ' म्हणत. ती सम्राट माक्सेंतियुसने बांधायला घेतलेली आणि सम्राट कॉन्स्टंटाइनने पुरी केलेली बासिलिका म्हणजे सार्वजनिक सभागृह आहे, असं निब्बीने १८१९ मध्ये मांडलं. लेतोच्या टिपणात असतो तो बोट दाखवणारा वाटाड्या, इथे मात्र मोजमाप आणि मजकूर एकमेकांपुढे ठेवून केलेला युक्तिवाद दिसतो.

दोघींची गाठ पडते ती जमिनीखाली. रोमच्या कॅटाकोंबांत, म्हणजे ख्रिस्ती लोकांच्या भुयारी दफनभूमीत, दे रोस्सीला भिंतींवर लेतोच्या मंडळींची नावं खरडलेली सापडली. एका ओळीचं साल आहे १४७५. त्यात 'उनानिमेस पेर्स्क्रुतातोरेस आन्तिक्वितातिस' म्हणजे 'एकदिलाने प्राचीनाचा शोध घेणारे' असा स्वतःचा उल्लेख आहे, आणि 'पोम्पोनियुस पोंतिफेक्स माक्सिमुस राज्य करत असताना' असंही. इथे वाचक दोनदा घसरतो. एक, तारीख. कालेंद म्हणजे रोमन महिन्याची पहिली तारीख. 'फेब्रुवारीच्या कालेंदांआधीचा पंधरावा दिवस' मोजताना १ फेब्रुवारीच पहिला धरायचा असतो, म्हणून उत्तर येतं १८ जानेवारी. सरळ वजाबाकी केली की १७ येतं. दोन, पदवी. 'पोंतिफेक्स माक्सिमुस' ही पोपची पदवी आहे, पण त्याआधी ती प्राचीन रोमच्या प्रमुख पुरोहिताची होती. भिंतीवरचा 'महापुरोहित' म्हणजे खुद्द लेतो. आमच्या मते यात पंथ काढण्यापेक्षा खोडकरपणाच जास्त आहे. मात्र सात वर्षांपूर्वी मूर्तिपूजेच्या आरोपाखाली कोठडी भोगलेल्या मंडळाने हे लिहावं, याला छाती लागते.

आता कामाचं. उत्खननाची परवानगी या अकादमीकडे मागू नये. पोपच्या राज्यातही खोदकामाचा परवाना कामेर्लेंगो या अधिकारी कार्डिनलच्या कचेरीतून मिळे. आज शहरातले अवशेष इटालियन शासनाच्या आणि महापालिकेच्या खात्यांकडे आहेत, तर कॅटाकोंब १८५२ मध्ये स्थापन झालेल्या पोपच्या 'पवित्र पुरातत्त्व आयोगा'कडे. हा आयोग म्हणजे अकादमी नव्हे. १९२५ मध्ये निघालेली 'ख्रिस्ती पुरातत्त्व संस्था' ही आणखी तिसरीच, ती शिकवते आणि पदव्या देते.

संदर्भ देताना सर्वांत जास्त चुका होतात त्या खंड क्रमांकात. अकादमीच्या एकोणिसाव्या शतकातल्या निबंधखंडांचं नाव 'दिस्सेर्तात्सिओनी'. विसाव्या शतकात 'आत्ती', तिसरी मालिका सुरू झाली आणि तिचे दोन फाटे झाले: मोठ्या प्रबंधांसाठी 'मेमोरिए', सभांत वाचलेल्या निबंधांसाठी 'रेंदिकोंती'. दोन्हींचे खंड स्वतंत्रपणे १ पासून मोजले जातात. म्हणून नुसतं 'आत्ती, मालिका ३, खंड ५' लिहिलं तर ग्रंथपाल दोन वेगळी पुस्तकं समोर ठेवू शकतो. नुसतं 'रेंदिकोंती'ही पुरत नाही, कारण रोममधल्याच लिंचेई अकादमी या वेगळ्या विद्वत्संस्थेच्या कार्यवृत्तांचं नावही तेच आहे. संस्थेचं पूर्ण नाव, फाटा, खंड, सभांचं वर्ष आणि छपाईचं वर्ष, ही पाचही लिहावीत. शेवटची दोन वर्षं बहुधा वेगळी असतात.