‘बाळबोध’ : लिपीचं नाव ते लिखाणावरचा शेरा

‘लिखाण फारच बाळबोध आहे’ हा आज शेरा समजला जातो. मूळ शब्द मात्र लिपीचा. नुकती अक्षरओळख झालेल्या पोरालाही उलगडते, ती बाळबोध. मोल्सवर्थच्या १८५७ च्या मराठी-इंग्रजी कोशातही तो देवनागरी अक्षरासाठीच येतो, मोडी या जलद लिहायच्या लिपीहून वेगळं दाखवायला.

मोडी समजली की हे नाव का पडलं ते कळतं. मोडीत आधी पानभर आडवी रेघ ओढायची आणि मग टाक शक्यतो न उचलता अक्षरं जोडत न्यायची. काना खालून वर रेघेला भिडवायचा, म्हणजे हात तिथूनच पुढच्या अक्षराला लागतो. वेग भरपूर येतो. पण शब्दांमध्ये जागा नाही, विरामचिन्हं नाहीत, इकार बहुधा एकच, दीर्घ. समजा, दस्तात ‘शेतनदीले’ असं सलग आलं. कुणी ‘शेत न दिले’ वाचेल; अहिराणी बोलणाऱ्याला त्यात ‘शेत नदीले’, म्हणजे ‘नदीला’, दिसेल. व्यवहार झाला की नाही, इथपर्यंत फरक पडतो! म्हणून शब्द एकट्या ओळीवरून तोडू नये. चतुःसीमा, म्हणजे जमिनीच्या चारी हद्दी, आणि मागचा-पुढचा मजकूर आधी वाचावा. ‘रा।’ म्हणजे राजश्री, अशी लघुरूपंही अडवतात.

बाळबोधीची शिस्त दासबोधात आहे, त्याच्या १९व्या दशकाच्या (विभागाच्या) पहिल्याच समासात, म्हणजे प्रकरणात. अक्षर वाटोळं, सरळ, मोकळं हवं. पहिल्या अक्षरापासून ग्रंथ संपेपर्यंत सगळं एकाच टाकानं लिहिल्यासारखं दिसावं. चहूबाजूंनी कोरी जागा सोडावी, म्हणजे कागदाच्या कडा झडल्या तरी अक्षर जात नाही. धुळ्याच्या समर्थ वाग्देवता मंदिरातली हस्तलिखितं बघायला जाताना हा समास वाचून जावं.

पोथी बाळबोधीत, पत्रं-हिशेब मोडीत, अशी ढोबळ वाटणी होती. छपाईत सुटे खिळे, म्हणजे एकेका अक्षराचे ठसे, आले. मोडीची जोडअक्षरं त्यांत नीट बसेनात आणि पुस्तकं बाळबोधीतच छापली जाऊ लागली. विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत मोडी शाळा-कचेऱ्यांतून गेली. जोडीदार गेल्यावर ‘बाळबोध’ला लिपीचं नाव म्हणून काम उरलं नाही, उरला फक्त ‘पोरांपुरतं’ हा अर्थ, आणि त्यातून शेरा. सोपं वाचता येणं हा गुण होता, तो उणेपणा ठरला, याचं वाईट वाटतं.

मोडी मात्र संपलेली नाही. २०१४ पासून ती युनिकोडमध्ये, म्हणजे संगणकावरच्या लिप्यांच्या प्रमाण संचात, आहे. २०२३ मध्ये कुणबी नोंदींचा शोध सुरू झाल्यावर जुन्या दप्तरांतला मोडी मजकूर वाचणाऱ्यांची गरज पुन्हा भासली. त्यांनी केलेल्या लिप्यंतराची प्रत घेताना शब्द कुठे तोडलेत, ते मूळ ओळीशी ताडून पाहावं.