डब्ल्यू७ की डब्ल्यू८? जुन्या सिस्को एरोनेटचा कायमचा घोळ

कोणी जुना सिस्को एरोनेट (ऑफिसांत लावतात तो वायफाय अॅक्सेस पॉइंट, थोडक्यात एपी) स्वस्तात घेतला की थोड्याच दिवसांत प्रश्न ठरलेला: "फर्मवेअरच्या फाइलींत एकात के९डब्ल्यू७ आहे, एकात के९डब्ल्यू८. आठ नवीन म्हणून तेच टाकलं, आता वायफायच दिसत नाही." नाहीच दिसणार. ७ आणि ८ हे फर्मवेअरच्या, म्हणजे एपीच्या आतल्या सॉफ्टवेअरच्या, आवृत्तीचे आकडे नाहीत. आवृत्ती नावात पुढे असते, १५३-३ वगैरे, आणि ती दोन्हींची एकच असू शकते.

डब्ल्यू७ म्हणजे ऑटोनॉमस, स्वतंत्र चालणारा. घरचा राउटर सेट केलेल्याला हा समजावायला नको: स्वतःचं वेबपेज, स्वतःची सेटिंग्ज.

डब्ल्यू८ म्हणजे लाइटवेट. हा एकटा काहीच ठरवत नाही. चालू झाला की वायरलेस लॅन कंट्रोलर (अनेक एपी एका जागेवरून चालवणारं यंत्र) शोधतो, कॅपवॅप या प्रोटोकॉलने (यूडीपी पोर्ट ५२४६ आणि ५२४७) त्याला जोडला जातो आणि एसएसआयडीपासून (वायफायच्या नावापासून) चॅनेलपर्यंत सगळं त्याच्याकडून घेतो. फर्मवेअरसुद्धा! आवृत्ती जुळली नाही तर कंट्रोलरकडची इमेज (फर्मवेअरची फाइल) उतरवून रीबूट होतो. त्यामुळे कंट्रोलर असलेल्या ऑफिसात एकेका एपीवर हाताने ‘लेटेस्ट’ चढवणं ही निव्वळ हमाली. आणि कंट्रोलर नसलेल्या घरात हाच एपी आयपी घेतो, दिवे बदलत बसतो, शोधत राहतो. त्याला ‘ब्रिक झाला’, म्हणजे कायमचा मेला, म्हणणाऱ्यांचा मला वैताग आहे; तो त्याचं काम चोख करतोय. नावात आरसीव्ही असेल तर ती आणखी तुटपुंजी रिकव्हरी इमेज: रेडिओ चालवतच नाही, फक्त इथरनेटवरून कंट्रोलर गाठून पूर्ण इमेज आणते.

"रीसेट करून विकतोय" या विक्रेत्याच्या वाक्याला इथे शून्य अर्थ आहे. रीसेटने सेटिंग्ज पुसली जातात, डब्ल्यू८चा डब्ल्यू७ होत नाही. त्यासाठी लॅपटॉपला १०.०.०.२ आयपी देऊन टीएफटीपी सर्व्हर (नेटवर्कवरून फाइल देणारा साधा प्रोग्राम) चालवायचा, डब्ल्यू७ची टार फाइल तिथे ठेवून नावातल्या आवृत्तीच्या जागी ‘डॉट डिफॉल्ट’ हा शेवट करायचा, आणि एपीवरचं मोड बटण दाबून ठेवून एपीला वीज द्यायची. दिवा लाल होईपर्यंत, साधारण २०-३० सेकंद, सोडायचं नाही. विंडोज एक्स्टेन्शन लपवतं, त्यामुळे फाइल ‘डिफॉल्ट डॉट टार’ राहते आणि लोक बटणाला शिव्या देतात. फायरवॉलही तपासा.

एक-दोन एपींसाठी माझं मत पक्कं आहे: डब्ल्यू७च. जुना कंट्रोलर शोधून आणलात तरी ४ डिसेंबर २०२२ला एक प्रमाणपत्र संपल्यामुळे हे आयओएसवाले (अॅपलचं नव्हे, सिस्कोचं सॉफ्टवेअर) एपी इमेज उतरवताना ‘डाउनलोडिंग’वरच अडकू शकतात, आणि मग कंट्रोलरचं घड्याळ मागे फिरवत बसा.

डब्ल्यू७ चढल्यावरही वायफाय लगेच दिसत नाही. त्यात रेडिओ मुळात बंदच असतात आणि एसएसआयडी कोराच. आधी एसएसआयडी बनवा, मग दोन्ही रेडिओंवर ‘नो शटडाउन’ ही चालू करण्याची कमांड द्या.