दाखल्यावरचे टक्के आणि बुडालेल्या कमाईचे टक्के

रस्त्यावरच्या अपघातात जखमी झालेल्या माणसाच्या भरपाईच्या क्लेमची गोष्ट निघाली की पहिला प्रश्न ठरलेला असतो: "अपंगत्वाचा दाखला किती टक्क्यांचा मिळाला?" चाळीस म्हटलं की घरचे निश्चिंत, पंधरा म्हटलं की चेहरे पडतात. दोन्ही चूक. दाखल्यावर असतं शरीराचं अपंगत्व, आणि भरपाई ठरते कमाईची ताकद किती गेली यावर. हे दोन आकडे सारखे असतीलच असं नाही.

एफआयआर, घटनास्थळाचा पंचनामा, डिस्चार्ज कार्ड, औषधांची मूळ बिलं जपून ठेवायची हे बहुतेकांना ठाऊक असतं. मोटार वाहन कायद्याच्या कलम १६४ आणि १६६ मधला फरकही सोपा आहे. १६४ मध्ये चूक कोणाची हे सिद्ध करावं लागत नाही, गंभीर दुखापतीला ठरलेले अडीच लाख मिळतात. १६६ मध्ये समोरच्याचा निष्काळजीपणा दाखवावा लागतो, पण रक्कम प्रत्यक्ष नुकसानीप्रमाणे ठरते. पुढचं सगळं १६६ बद्दल.

घोट्याजवळ पाय मोडलेले दोघे घ्या, एक गवंडी आणि एक कायम नोकरीतली शिक्षिका. दोघांच्या दाखल्यावर 'डाव्या पायाचं कायम अपंगत्व ४० टक्के'. गवंड्याला आता परांचीवर चढता येत नाही, उकिडवं बसून फरशी लावता येत नाही. शिक्षिकेचा पगार चालूच आहे. सर्वोच्च न्यायालयाने २०१० मध्ये राजकुमार विरुद्ध अजय कुमार या निकालात हेच स्पष्ट केलं: डावा हात गमावलेल्या ड्रायव्हरची किंवा सुताराची कमाई जवळजवळ पूर्ण बुडते, सरकारी कारकुनाची नोकरी मात्र टिकू शकते. अपंगत्व किती हे डॉक्टर सांगणार, कमाई किती बुडाली हे न्यायाधिकरण, म्हणजे अपघाताचे दावे ऐकणारं कोर्ट, ठरवणार.

हा आकडा किती फिरतो ते पाहा. गवंडी ३४ वर्षांचा, कमाई महिना १५,००० रुपये. वर्षाचे १,८०,०००. वय चाळिशीच्या आत आणि पक्की नोकरी नाही, म्हणून पुढच्या वाढीचे ४० टक्के धरून २,५२,०००. वर्षाच्या कमाईला वयानुसार ज्या ठरलेल्या आकड्याने गुणतात तो गुणक या वयाला १६, म्हणजे ४०,३२,०००. कमाई १५ टक्के बुडाली असं मानलं तर ६,०४,८०० रुपये, ४० टक्के मानलं तर १६,१२,८००. पाय तोच, दाखलाही तोच.

म्हणून पुरावा कामाचा द्या. प्रतिज्ञापत्रात रोजचं काम तपशिलाने लिहा: किती वजन उचलायचो, कुठे चढायचो, आता त्यातलं काय जमत नाही. मुकादमाची किंवा मालकाची साक्ष घ्या. डॉक्टर शक्यतो उपचार करणारेच असावेत, आणि त्यांना साक्षीला बोलवाच, कारण विमा कंपनीचा वकील हमखास विचारतो: "हे ४० टक्के पायाचे की संपूर्ण शरीराचे?" पायाचे ४० म्हणजे शरीराचे ४० नव्हेत. डॉक्टरांनी ही फोड आधीच केलेली नसेल तर उलटतपासात दावा ढासळतो.

दोन गोष्टींची मला खरोखर चीड येते. पहिली, ओळखीतून टक्के वाढवून आणलेला दाखला. कधी उपचारच न केलेल्या डॉक्टरांच्या अशा तयार दाखल्यांकडे सावधपणे पाहा, असं त्याच निकालात न्यायालयाने बजावलं आहे. चाळीस टक्क्यांची अट दिव्यांगांच्या सवलतींसाठी आहे, क्लेमला अशी कुठलीही किमान मर्यादा नाही. दुसरी, प्रतिज्ञापत्रात छापील चिकटवलेलं 'अर्जदार कोणतेही काम करू शकत नाही' हे वाक्य. गवंडी आज चहाची टपरी चालवत असेल तर तसं सरळ लिहा आणि पूर्वीच्या व आताच्या कमाईतली तफावत दाखवा. टपरीवरचा फोटो समोरच्याने कोर्टात आणला की खरी नुकसानीही खोटी वाटायला लागते.

शिक्षिकेच्या कमाईचा आकडा कदाचित शून्य येईल. तरी तिचा दावा शून्याचा होत नाही. उपचारांचा खर्च, रजेवर गेलेला पगार, सोसलेल्या वेदना, आणि जिना चढताना, जमिनीवर बसताना रोज जे गमवावं लागतं ते, यांची भरपाई वेगवेगळी मागता येते. अर्जात यातली प्रत्येक बाब स्वतंत्र परिच्छेदात, रकमेसह मांडा.