नाशिकच्या शिलालेखांतील व्यक्तिनामे

नाशिक शहराच्या नैर्ऋत्येस सु. ८ किमी.वर असलेल्या त्रिरश्मी डोंगरातील (शिलालेखांत ‘तिरण्हु’, लोकभाषेत पांडवलेणी) ब्राह्मी लेखांमध्ये आलेली माणसांची नावे. लेखांची भाषा मुख्यतः प्राकृत असून काही ठिकाणी तिच्यावर संस्कृतची छाप आहे. भगवानलाल इंद्रजी, ब्यूलर, सेनार व वा. वि. मिराशी यांनी या लेखांचे वाचन व विवेचन केले. महाराष्ट्रातील नामकरणाची इतकी जुनी आणि इतकी मिश्र सामग्री एका जागी क्वचितच मिळते.

सर्वांत जुने राजनाम लेणे क्र. १९ मध्ये आढळते : ‘सादवाहनकुले कन्हे राजिनि’ (सातवाहन कुळातील कन्ह राजा असताना). कन्ह म्हणजे कृष्ण. कान्हा, कान्हू, कान्होबा ही मराठी नावे याच प्राकृत वळणाची. या राजाचा काळ काही विद्वान इ. स. पू. दुसऱ्या शतकात नेतात; अक्षरवटिका (अक्षरांचे वळण) पाहता इ. स. पू. पहिले शतक अधिक संभवनीय वाटते. त्याच लेखात लेणे कोरविणारा श्रमणविषयक महामात्र (भिक्षूंसंबंधीचा कारभार पाहणारा अधिकारी) ‘नासिकक’, म्हणजे नाशिककर, म्हटला आहे. गावावरून माणूस ओळखण्याची रीत इतकी जुनी आहे. बेडसे येथील चैत्यगृहातही नाशिकच्या आनंद श्रेष्ठीचा पुत्र पुसणक याचे दान नोंदलेले आहे. हे नाव पुष्य नक्षत्रावरून पडले असावे.

‘सादवाहन’ मधील ‘द’ हा मूळ ‘त’चा मृदू उच्चार होय. सातवाहन या नावाची व्युत्पत्ती विवाद्य आहे. सप्तवाहन, म्हणजे सात अश्वांचा सूर्य, ही फोड आकर्षक असली तरी तिला लेखांचा आधार नाही. भाषापंडित प्शिलुस्की यांनी मुंडा (मध्य व पूर्व भारतातील आदिवासी) भाषांतील ‘सादम’ (घोडा) या शब्दाशी संबंध जोडला व ‘सातकणि’ (सातकर्णी) या सातवाहन राजनामातील उत्तरपदाचा अर्थ ‘पुत्र’ असा लावून अश्वमेधाकडे निर्देश केला. ध्वनिदृष्ट्या हा तर्क अशक्य नाही. पण दख्खनमधील राजकुलाने मुंडा नाव का घ्यावे, हे त्यातून उलगडत नाही. सातवाहन नावाच्या राजाची नाणी मिराशींनी प्रकाशात आणल्यानंतर, कुलाचे नाव मूळ पुरुषावरून आले हे मत ग्राह्य ठरते. मूळ शब्दाचा अर्थ मात्र त्यानेही सुटत नाही. ‘पुळुमावि’ या सातवाहन राजाच्या नावाबाबतही तशीच अनिश्चितता आहे, ग्रीक भूगोलकार टॉलेमीने त्याचे ‘सिरोप्टोलेमाइओस’ असे ग्रीक वळणाचे रूप केले, त्यावरून या राजाचा काळ ठरविण्यास मात्र मोठी मदत झाली.

गोतमिपुत, वासिठिपुत, माढरिपुत ही मातृनामे मातृसत्तेची खूण मानली जात. परंतु गौतम, वसिष्ठ, माठर ही वैदिक गोत्रे आहेत. अनेक राण्यांच्या पुत्रांमधील वेगळेपण दाखविण्यासाठी मातेचे गोत्र लावीत, हे स्पष्टीकरण अधिक पटण्याजोगे आहे. गौतमी बलसिरी या राजमातेने मात्र लेणे क्र. ३ मधील प्रशस्तीत स्वतःचे नावही कोरविले. ‘सिरि’ (श्री) हे उत्तरपद स्त्रीपुरुष दोघांच्याही नावांत येते. चैत्यगृहातील लेखात महाहकुसिरीची नात भटपालिका भेटते.

पश्चिम क्षत्रपांपैकी क्षहरात कुळातील राजा नहपान याचे नाव बहुधा इराणी आहे. ‘जनांचा रक्षक’ हा अर्थ सामान्यतः स्वीकारला जातो. जोगलटेंभी (ता. सिन्नर) येथे १९०६ मध्ये सापडलेल्या सु. १३,००० नाण्यांवरून या नावाचे रूप निश्चित झाले. त्याच्या शक जावयाचे नाव लेणे क्र. १० मध्ये ‘उषवदात’ असे आहे, कार्ल्याला ‘उसभदात’. ‘ऋषभ’चे ‘उसभ’ होणे प्राकृतात नियमित असल्याने ऋषभदत्त हे संस्कृत रूप रूढ झाले. ‘दात’ मधील दीर्घ स्वर द्वित्त (‘दत्त’ मधील ‘त्त’) लोपल्याची भरपाई मानता येतो, तरी इतर दात्यांच्या नावांत ‘दत’ असा ऱ्हस्वच दिसतो, हे ध्यानात ठेवावे. त्याची पत्नी, नहपानाची कन्या, दखमित्रा. बापाचे नाव इराणी, मुलीचे पूर्ण भारतीय. दशपूरचा (आजचे मंदसोर) शक लेखक वुधिक हा विष्णुदताचा पुत्र होता. आभीर राजा ईश्वरसेनाच्या काळातील दात्री विष्णुदत्ता ही शक अग्निवर्म्याची कन्या. क्र. १७ मधील उत्तरेकडचा यवन (ग्रीक) इदाग्निदत याच्या नावात इंद्र व अग्नी आहेत, पित्याच्या (धंमदेव) व पुत्राच्या (धंमरखित) नावांत धर्म. दान मात्र बौद्ध संघाला. म्हणून केवळ नावावरून दात्याचा वंश वा पंथ ठरविणे येथे धोक्याचे आहे.

सामान्य जनांची नावे थोडी आहेत. क्र. ८ मधील मुगुदास हा ‘दासक’, म्हणजे बहुधा कोळी. त्या लेण्यासाठी शेत देणारा बोधिगुप्ताचा पुत्र धर्मनंदी. महासेनापती भवगोप याच्या पत्नीचे नाव नुसते ‘वासु’.