साडेतीन टक्के कुठे कमी पडले?

एफडी करताना आपण ७२ ला व्याजदराने भागून बघतोच ना, ८ टक्के मिळाले तर ९ वर्षांत डबल, ६ मिळाले तर १२. तेच गणित देशाच्या उत्पन्नाला लावून बघा, जरा डोक्याला ताप होतो पण स्वातंत्र्यानंतरच्या तीसेक वर्षांत काय झालं ते कळतं.

१९५० ते ८० आपला विकासदर सरासरी साडेतीन टक्क्यांच्या आसपास. अर्थतज्ज्ञ राज कृष्ण यांनी सत्तरच्या दशकात त्याला 'हिंदू रेट ऑफ ग्रोथ' म्हटलं आणि ते नाव जे चिकटलं ते आजतागायत. (मला ते कधीच पटलं नाही, धंद्याला लायसन-परमिटची सक्ती सरकारची आणि बिल धर्माच्या नावावर का फाडायचं?)

तेव्हा फारसं कोणाला खटकलं नाही, कारण त्याआधी इंग्रजांच्या शेवटच्या चाळीस-पन्नास वर्षांत माणशी उत्पन्न जवळपास हललंच नव्हतं. मोजायची नीट सोयसुद्धा नव्हती, १९४९ मध्ये राष्ट्रीय उत्पन्न समिती नेमली, संख्याशास्त्रज्ञ महालनोबिस अध्यक्ष आणि सोबत अर्थतज्ज्ञ व्ही. के. आर. व्ही. राव आणि आपल्या पुण्याच्या गोखले इन्स्टिट्यूटचे धनंजयराव गाडगीळ, तेव्हा कुठे सरकारी आकडे पद्धतशीर यायला लागले. अशा ठिकाणी साडेतीन म्हणजे चांगलेच की!

घोळ दुसरीकडे होता. १९५१ ला आपण ३६ कोटी, १९८१ ला ६८ कोटी, म्हणजे लोकसंख्याच वर्षाला सव्वादोन टक्क्यांच्या आसपास वाढत होती. साडेतीनातून ती वजा केली की माणशी उरले सव्वा टक्का, फार तर दीड. ७२ भागिले सव्वा करा, दुप्पट व्हायला ५७-५८ वर्षं, म्हणजे बापाच्या कमाईत आणि पोराच्या कमाईत डोळ्यात भरेल असा फरकच नाही. त्यात १९७२ चा दुष्काळ, लाल मिलो (बाहेरून आलेली ज्वारी) खाऊन दिवस काढले ते वर्ष, मग १९७९-८० ला तर उत्पन्न पाचेक टक्क्यांनी घसरलंच. असं एक वर्ष बुडालं की पुढच्या सगळ्या वर्षांचं मुद्दलच कमी होतं, हे लोक विसरतात.

आता दक्षिण कोरिया. युद्धातून बाहेर पडलेला गरीब देश, पण साठच्या दशकापासून माणशी सहा टक्के किंवा वरच. तीस वर्षांत सव्वा टक्क्याने १०० चे १४५ होतात आणि सहाने ५७४. पहिल्या वर्षी फरक पावणेपाच रुपयांचा, कोणाच्या लक्षातही येणार नाही.

आपली गाडी ऐंशीच्या दशकात साडेपाचच्या आसपास आली, म्हणजे १९९१ च्या आधीच, सगळं श्रेय एकट्या त्या वर्षीच्या उदारीकरणाच्या बजेटला देतात ते तितकंसं बरोबर नाही. पुढे लोकसंख्येचा वेग पण कमी होत गेला, त्यामुळे तेवढ्याच विकासदरात माणशी वाटा मोठा यायला लागला, पण त्याबद्दल कोणी फटाके फोडले नाहीत.