मार्गरीट डेझी

ॲस्टरेसी कुलातील बहुवर्षायू झुडूप. शास्त्रीय नाव आर्जिरँथेमम फ्रुटेसेन्स; मूलस्थान कॅनरी बेटे. उंची ६०–९० सेंमी.; पाने चिरलेली, करडसर हिरवी. लिनीअसने १७५३ मध्ये ही जाती शेवंतीच्या प्रजातीत घातली होती, त्यामुळे जुन्या ग्रंथांत ती क्रिसँथेमम फ्रुटेसेन्स म्हणून आढळते. ‘मार्गरीट’ हे नाव फ्रेंच राजघराण्यातील स्त्रीवरून पडले असे सांगतात; ते मोती या अर्थाच्या ग्रीक शब्दावरून आले, हे मत अधिक ग्राह्य वाटते. रोपवाटिकांत शास्ता डेझीही याच नावाने खपते. तिची पाने मात्र अखंड, दातेरी असतात.

नागपुरात हे झाड हिवाळी हंगामी म्हणूनच धरावे. काळ्या मातीत पाणी साचून मुळे कुजतात, म्हणून कुंडी बरी: १०–१२ इंची, खाली खापऱ्या, वर दोन भाग माती, एक भाग कुजलेले शेणखत, एक भाग जाड रेती. ऑक्टोबरमध्ये, पाऊस पुरता ओसरल्यावर, ७–१० सेंमी.चे बिनफुलाचे कोवळे शेंडे खालची पाने काढून ओल्या रेतीत खोचावेत. दोनतीन आठवड्यांत मुळ्या फुटतात. रोप वीतभर झाले की शेंडा खुडावा. वरची २–३ सेंमी. माती सुकल्यावरच पाणी द्यावे. नत्र जास्त झाले तर पालाच माजतो. सुकलेली फुले देठासह काढावीत. छाटणी हिरव्या भागातच करावी, कारण जून लाकडातून फुटवे क्वचितच येतात.

पानांवर पांढऱ्या नागमोडी रेघा दिसल्या तर ती नागअळी; अशी पाने तोडून नष्ट करावीत. कोवळ्या शेंड्यांवरील मावा पाण्याच्या जोरदार फवाऱ्याने निघतो. जमिनीलगत खोडावर येणाऱ्या खडबडीत गाठींचे महत्त्व मात्र बागेपुरते नाही. स्मिथ व टाउनसेंड या अमेरिकी शास्त्रज्ञांनी १९०७ मध्ये याच झाडाच्या गाठींतून रोगकारक जिवाणू वेगळा केला. तो आपल्या डीएनएचा तुकडा वनस्पतीच्या पेशीत घालतो, म्हणून जिवाणू काढून टाकला तरी गाठ वाढत राहते. विदर्भाच्या शेतांत पोचलेल्या बीटी कापसातील जनुकही मुळात याच जिवाणूच्या साहाय्याने घातले गेले. गाठीवर औषध नाही: झाड मातीसकट काढावे, कात्री स्पिरिटने पुसावी, त्या झाडाची कलमे घेऊ नयेत.

मार्चअखेर फुले लहान होऊन थांबतात. मातृझाड राखायचे असल्यास ५० टक्के शेडनेटखाली, सकाळच्या उन्हापुरते ठेवावे. तरी नवतपात, म्हणजे मेअखेरच्या कडक उन्हाच्या नऊ दिवसांत, बरीच झाडे जातात.